फोरलानला आपण बाद केलं असतं : क्रीडामंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय क्रीडा व युवक कल्याण मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय : शालेय फुटबॉल स्पर्धा बाद पद्धतीऐवजी साखळी पद्धतीने घेण्याबाबत.

महोदय,

विषय वाचून आपल्या कार्यालयातलं कुणीतरी हे पत्र ‘योग्य त्या कार्यवाहीसाठी’ असा शेरा मारून बालेवाडीच्या क्रीडा आयुक्तालयाकडे पाठवून देईल, याची मला कल्पना आहे. शाळेत क्रीडाशिक्षक म्हणून नोकरी केली असल्यामुळे त्या शेऱ्याचा अर्थही ठाऊक आहे. पण हे पत्र एका उरुग्वेच्या स्ट्रायकरबद्दलही आहे आणि तो माणूस आपल्या अंधेरीत खेळून गेलेला आहे. तेव्हा जरा वाचावं.

14 डिसेंबर 2025 ला वानखेडेवर मेस्सी आला. आदल्या दिवशी कोलकात्यात जो राडा झाला तसं काही आपल्याकडे झालं नाही, याचं श्रेय यंत्रणेला द्यायलाच हवं. राज्य सरकारच्या महादेवा या फुटबॉल प्रकल्पात निवडलेल्या मुलामुलींना त्याच्यासोबत मैदानावर उभं राहता आलं, हेही चांगलंच झालं. मेस्सीबरोबर लुईस सुआरेझ होता आणि स्वागताला सुनील छेत्री होता. त्या दोघांना एका मैदानावर बघून मला मात्र तिथे नसलेला तिसराच माणूस आठवत राहिला. सुआरेझ ज्याच्या जोडीने उरुग्वेसाठी खेळला आणि छेत्री ज्याच्या जोडीने मुंबईसाठी खेळला, तो दिएगो फोरलान. मेस्सी आला, हात हलवला, गेला. फोरलान 2016 च्या ऑक्टोबरपासून डिसेंबरपर्यंत इंडियन सुपर लीगमधल्या मुंबई सिटी क्लबचा निळा शर्ट घालून आपल्या मैदानांवर घाम गाळत होता. विश्वचषकात सर्वोत्तम खेळाडूचा ‘गोल्डन बॉल’ मिळवलेला माणूस महापालिकेच्या शहाजीराजे क्रीडासंकुलात, लोकलने पोचता येईल अशा ठिकाणी, दर काही दिवसांनी खेळत होता. तेव्हा आपल्या शाळांमधल्या किती मुलांना तिथे नेलं गेलं, हा वेगळा विषय आहे. आज तो काढत नाही.

आज मला त्याच्या कारकिर्दीबद्दल बोलायचं आहे, कारण आपल्या शालेय फुटबॉलचं नेमकं काय चुकतं ते तिच्यात स्वच्छ दिसतं.

फोरलानच्या घरात फुटबॉल होताच. वडील पाब्लो 1966 आणि 1974 च्या विश्वचषकांत उरुग्वेच्या संघात, आईचे वडील हुआन कार्लोस कोराझो 1962 च्या विश्वचषकात त्याच संघाचे प्रशिक्षक. गरिबीतून वर आलेल्या पोराची कथा इथे नाही. दिएगो लहानपणी टेनिसही उत्तम खेळायचा. (इतका, की 2024 मध्ये पंचेचाळिसाव्या वर्षी तो माँटेव्हिडिओच्या चॅलेंजर स्पर्धेत दुहेरीत उतरला. 6-1, 6-2 असा हरला, पण उतरला.) किशोरवयात फ्रान्सला नान्सी क्लबकडे जाऊन आला, तिथे जमलं नाही. मग अर्जेंटिनातल्या इंडिपेंडिएंटेकडे गोल करायला लागला आणि जानेवारी 2002 मध्ये, मिडल्सब्रोला जाता जाता, मँचेस्टर युनायटेडने त्याला उचललं.

इथून पुढचं मंत्रिमहोदयांनी नीट वाचावं. मँचेस्टरमध्ये पहिला गोल करायला त्याला आठ महिने लागले. पंचवीसहून अधिक सामने कोरडे. बऱ्याच सामन्यांत तो बदली खेळाडू म्हणून शेवटी यायचा हे खरं, पण इंग्लंडमधली वर्तमानपत्रं एवढा हिशेब कुठली करायला! सप्टेंबर 2002 मध्ये मक्काबी हैफाविरुद्ध अखेर पहिला गोल आला, तोही पेनल्टीवर. पुढे त्याने लिव्हरपूलला त्यांच्याच घरी दोन गोल मारले, ते तिथले लोक अजून गाण्यात घालून म्हणतात. तरी एकूण हिशेब 98 सामने, 17 गोल. एवढा पैसा मोजून आणलेल्या स्ट्रायकरसाठी हा आकडा नापासाचाच.

2004 मध्ये तो स्पेनमधल्या व्हियारेआल या जेमतेम पन्नास हजार वस्तीच्या गावातल्या क्लबकडे गेला आणि पहिल्याच हंगामात लीगमध्ये 25 गोल मारून युरोपातल्या लीगमध्ये सर्वाधिक गोलांसाठीचा ‘गोल्डन शू’ थिएरी ऑन्रीबरोबर वाटून घेतला. पाय तेच, डोकं तेच. पुढे ॲटलेटिको माद्रिद, एका हंगामात लीगमध्ये 32 गोल. मे 2010 मध्ये हॅम्बुर्गला युरोपा लीगच्या अंतिम सामन्यात फुलहॅमविरुद्ध दोन्ही गोल त्याचे. मग दक्षिण आफ्रिका : विश्वचषकात 5 गोल, उरुग्वे चौथा, आणि ‘गोल्डन बॉल’ची मतं त्याला. जर्मनीविरुद्धच्या तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात त्याने हवेतला चेंडू जमिनीवर येऊ न देता जो मारला तो गोल आपण पाहिला नसेल तर आजच मोबाइलवर पाहा. त्याच सामन्यात शेवटच्या फटक्याला चेंडू बारवर आपटला आणि उरुग्वे 3-2 असा हरला.

त्यानंतर वर्षभर देशासाठी पुन्हा दुष्काळ, एकही गोल नाही. प्रशिक्षक ऑस्कर ताबारेझ, जे मूळचे प्राथमिक शाळेतले शिक्षक आणि ज्यांना सगळा देश ‘एल माएस्त्रो’ म्हणजे गुरुजीच म्हणतो, त्यांनी त्याला काढलं नाही. जुलै 2011 मध्ये ब्युनोस आयर्सला कोपा अमेरिकाच्या अंतिम सामन्यात पॅराग्वेविरुद्ध 3-0 असा विजय, त्यात दोन गोल फोरलानचे.

नंतरचा प्रवास झरझर सांगतो. इंटर मिलान (तिथे नोंदणीच्या घोळात त्याला चॅम्पियन्स लीगचा गटसाखळी टप्पा खेळताच आला नाही, असे घोळ फक्त आपल्या जिल्हा क्रीडा कार्यालयातच होतात असं नाही), ब्राझीलमधला इंटरनॅशिओनाल, जपानमधला सेरेझो ओसाका. ओसाकाचा संघ खालच्या श्रेणीत घसरला, तरी हा पुढच्या वर्षी तिथे खेळलाच. मग वडिलांच्या पेन्यारोलमध्ये लीग विजेतेपद, मग मुंबई, शेवटी हाँगकाँगचा किची. दहा क्लब. अशा खेळाडूंना आपल्याकडे पटकन ‘पैशासाठी फिरणारा’ म्हणून मोकळं होतात. उरुग्वेच्या संघातला त्याचा सहकारी सेबास्तियन आब्रेऊ तर तिसाहून जास्त क्लबांकडून खेळला. 2017 मध्ये सव्विसाव्या क्लबला त्याची गिनीज बुकात नोंद झाली. घानाविरुद्ध विश्वचषकाची उपांत्यपूर्व फेरी, निर्णायक पेनल्टी, आणि हा पठ्ठ्या चेंडू अलगद उचलून मधोमध टाकतो! मला या फिरस्त्यांबद्दल उलट आदरच वाटतो. नव्या गावात, नव्या भाषेत, नव्या सहकाऱ्यांत पुन्हा शून्यापासून सुरुवात करायची, आणि पाच-सहा सामने वाईट गेले तरी सातव्याला बूट बांधायचे.

सातवा सामना असतो म्हणून बांधता येतात. माझा मुद्दा एवढाच आहे.

आता आपल्या शालेय स्पर्धेकडे या. तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशी उतरंड. बहुतेक ठिकाणी फुटबॉल बाद पद्धतीने. सकाळी संघ मैदानावर जमतात, क्रीडाशिक्षक ओळखपत्रांच्या फायली घेऊन टेबलापाशी रांगेत, लॉट्स पडतात, कुणाला बाय मिळते म्हणजे न खेळताच पुढची फेरी, कुणाची गाठ थेट गेल्या वर्षीच्या विजेत्याशी. चौदा वर्षांखालचा मुलगा जूनपासून सराव करतो, तासाभराच्या आत हरतो आणि दुपारच्या आत घरी. पुढचा अधिकृत सामना? पुढच्या वर्षी. तोवर त्याचं वय उलटतं, नववीचा क्लास लागतो, आणि आई म्हणते, पुरे झालं आता. वार्षिक परीक्षेत पहिला प्रश्न चुकला म्हणून मुलाच्या हातून पेपर काढून घ्यावा, तसं हे आहे.

साधा हिशेब मांडतो. एका जिल्ह्यात 32 शाळा उतरल्या तर बाद पद्धतीत एकूण 31 सामने होतात. 16 शाळा एकच सामना खेळून घरी जातात, आणखी 8 शाळा दोन खेळून. म्हणजे 24 शाळांची मुलं वर्षाला फार तर दोनदा शिट्टी ऐकतात. याच 32 शाळांचे चार-चारचे आठ गट केले तर साखळीतले 48 सामने आणि मग गटविजेत्यांचे 7, असे 55 होतील. प्रत्येक शाळेला किमान तीन मिळतील. 24 सामने वाढले. पंचांचं मानधन, चुना, पाणी आणि प्रथमोपचार एवढाच काय तो वाढीव खर्च. वानखेडेच्या त्या सोहळ्याचा खर्च मला माहीत नाही आणि विचारतही नाही, पण 24 सामन्यांचा खर्च त्याच्या पासंगालाही पुरणार नाही, एवढं मी पैजेवर सांगेन.

गंमत अशी की वरच्या पातळीवर हे तत्त्व सगळ्यांना मान्य आहे. राज्याचा विजेता सुब्रतो चषकाच्या आंतरशालेय राष्ट्रीय स्पर्धेला गेला की तिथे आधी गटसाखळी असते, मग बाद फेरी. म्हणजे जो आधीच चांगला आहे त्याला दोन-तीन संधी, आणि ज्याला अजून शिकायचंय त्याला एक. फोरलान ज्या वर्षी इथे होता त्या वर्षीच्या इंडियन सुपर लीगचंच बघा. आठ संघ, प्रत्येकाचे चौदा सामने. मुंबई 23 गुणांनी पहिली. 19 नोव्हेंबरला अंधेरीत केरळला 5-0 हरवलं, त्यात फोरलानची हॅट्‌ट्रिक. पुढे उपांत्य फेरीत कोलकात्याला पहिला सामना 3-2 असा गमावला, त्यात फोरलानला दुसरं पिवळं कार्ड दाखवून बाहेर काढलं, आणि परतीचा सामना अंधेरीत त्याच्याविना 0-0. चौदा सामन्यांत जो संघ सर्वांत चांगला ठरला तो दोन सामन्यांत संपला. मोठ्यांच्या लीगमध्ये ते ठीक आहे, तिकिटं विकायची असतात. त्यांना निदान आधी चौदा मिळालेले असतात.

उरुग्वेची लोकसंख्या सुमारे 35 लाख. एकट्या कोल्हापूर जिल्ह्याची 2011 च्या जनगणनेत 38 लाखांवर होती. त्या एवढ्याशा देशाने 1930 आणि 1950 चे विश्वचषक जिंकले, हे सगळे सांगतात. तिथला ‘बेबी फुटबॉल’ मात्र फारसा कुणी सांगत नाही. सहा ते तेरा वयाची मुलं, लहान मैदान, कमी खेळाडू, वस्तीवस्तीतले क्लब, ते चालवणारे बहुतेक पालकच, आणि शनिवार-रविवारी सामने. आठवडाभर वाट बघायची, खेळायचं, हरायचं, पुढच्या आठवड्यात पुन्हा खेळायचं. या सगळ्यावर देखरेख करणारी राष्ट्रीय संस्था तिथल्या सरकारच्या क्रीडा खात्याशी जोडलेली आहे; म्हणून तर हे पत्र महासंघाला न लिहिता आपल्याला लिहितोय. फोरलानला घरचा वारसा होता हे मी वर मान्य केलंच. पण साल्तोसारख्या दूरच्या गावात जन्मलेला सुआरेझ माँटेव्हिडिओला येऊन याच बेबी फुटबॉलमध्ये घडला. तोच सुआरेझ आपल्या पाहुण्यांच्या खुर्चीत बसला होता. त्याला कुणी विचारायला हवं होतं, की बाबा, दहाव्या वर्षी तू वर्षाला किती सामने खेळायचास?

लांब जायचं नसेल तर कोल्हापूरला चला. तिथे वरिष्ठ गटाची लीग आहे, सोळा संघ आहेत, पाटाकडील, दिलबहार, शिवाजी तरुण मंडळ यांच्या सामन्याला शाहू स्टेडियम भरतं, विश्वचषकात पेठापेठांतून ब्राझील-अर्जेंटिनाचे झेंडे लागतात (उरुग्वेचा मी तरी कधी पाहिला नाही). 2017 मध्ये भारतात झालेल्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात आपल्या देशाकडून आघाडीला खेळलेला अनिकेत जाधव त्याच गावचा, आणि पुढे बालेवाडीच्या क्रीडा प्रबोधिनीचा. जिथे सामने सतत होतात तिथून खेळाडू निघतो, यात आश्चर्य कसलं? त्याच वर्षी सरकारने ‘मिशन वन मिलियन’ म्हणून एका दिवसात राज्यभर मुलांना फुटबॉल खेळायला लावलं होतं. एक दिवस. शाळांना चेंडूही मिळाले. माझ्या ओळखीतल्या एका शाळेतला चेंडू नंतर कपाटात गेला, कारण सामनेच नव्हते.

महादेवा प्रकल्पावर माझा राग नाही. निवडलेल्या साठ मुलामुलींना उत्तम प्रशिक्षण मिळो. पण मँचेस्टरच्या त्या आठ महिन्यांत निवड चाचणी घेतली असती, तर फोरलानसुद्धा त्या साठांत बसला नसता. तेरा वर्षांचं पोर एका सकाळी वाईट खेळू शकतं. न निवडलेल्यांसाठी काय, हे क्रीडा खात्याने ठरवायचं असतं.

माझी मागणी तीन ओळींची आहे. चौदा वर्षांखालील मुलं आणि मुली, दोन्ही गटांत, तालुका आणि जिल्हा पातळीवर प्रत्येक शाळेला किमान तीन साखळी सामने. त्यासाठी सुट्टीच्या दिवशी महापालिका, नगरपालिका आणि जिल्हा परिषदेच्या शाळांची मैदानं उघडी, कुलपाची किल्ली मुख्याध्यापकांच्या परवानगीने क्रीडाशिक्षकाकडे. आणि जिथे क्रीडाशिक्षकाचं पद रिकामं आहे तिथे सामन्याच्या दिवसापुरतं पालकांना संघासोबत येण्याची मुभा. आजच्या नियमांत हे शेवटचं बसत नाही असं मला पूर्वी तोंडी सांगण्यात आलं होतं. बसत नसेल तर नियम आपल्याच सहीने बदलतो.

शालेय स्पर्धांचं वेळापत्रक नवीन शैक्षणिक वर्षाच्या सुरुवातीला निघतं. शासन निर्णय त्याआधी निघाला तरच उपयोग, नाहीतर ‘पुढील वर्षापासून’ असा शेरा येईल आणि आता सातवीत असलेली मुलं तोवर वयोगटाबाहेर गेलेली असतील. राज्यभर जमत नसेल तर एका जिल्ह्यात करून पाहा. गटवारी, सामन्यांचं वेळापत्रक आणि मैदानांची यादी कागदावर मांडून द्यायला मी तयार आहे, मानधन नको.

आपला,
एक निवृत्त क्रीडाशिक्षक,
विलेपार्ले, मुंबई.

प्रत माहितीसाठी : आयुक्त, क्रीडा व युवक सेवा, म्हाळुंगे-बालेवाडी, पुणे.