याओवारातची खाद्यफेरी आणि शाकाहारी पर्यटक

महोदय,

बँकॉकला जाणारे आपल्याकडचे अनेक पर्यटक तिथेही पंजाबी थाळीच शोधतात, याचे वाईट वाटते. नुकतीच आम्ही उभयतांनी याओवारात या चिनी वस्तीत वाटाड्यासोबत संध्याकाळची खाद्यफेरी केली. १७८२ मध्ये नव्या राजवाड्यासाठी जागा सोडून सांपेंग भागात आलेल्या चिनी व्यापाऱ्यांपासून ही वस्ती वाढली, आणि तिच्यावर दक्षिण चीनमधून आलेल्या तिओचिउ लोकांच्या स्वयंपाकाची छाप आजही आहे. काळ्या तिळाचे सारण भरलेले तांदळाच्या पिठाचे मऊ गोळे आल्याच्या कढत, झणझणीत पाण्यात समोर आले, तेव्हा पत्नीला थेट उकडीच्या मोदकांची आठवण झाली.

मात्र 'शाकाहारी' असे आगाऊ कळवूनही निम्म्या गाड्यांवर आम्हाला नुसते उभे राहावे लागले, कारण तिथे भाजीतही माशांपासून केलेला सॉस घालतात. पिवळ्या पताकेवर लाल थाई अक्षरांत 'जे' लिहिलेले असेल, तर त्या गाडीवर मांस, मासे, अंडी, दूधच काय, कांदा-लसूणही वापरत नाहीत, ही साधी खूण आम्हाला शेवटच्या गाडीवर कळली. सहल आयोजकांनी ती प्रवासापूर्वीच, छापील माहितीपत्रकात द्यावी, ही कळकळीची विनंती.

आपला,
एक वाचक, पुणे