दळण परत पाठवणाऱ्या भाऊंना

भाऊ, नमस्कार.

गिरण चालू असताना तुमच्याशी बोलायचं तर ओरडावं लागतं, आणि आभार काही ओरडून मानता येत नाहीत. म्हणून लिहितोय. तुमची मुलगी फोनवर वाचून दाखवेलच.

गेल्या पावसाळ्यात मी तीन किलो मका घेऊन चरईत तुमच्याकडे आलो होतो, आठवतंय? जांभळी नाक्यावरून आणलेला, चांगला वाळलेला, पिवळाधमक. त्याच्या पंधरा दिवस आधी आमच्या लेकीला सिलिअ‍ॅक असल्याचं निघालं होतं. आधी रक्ताची तपासणी, मग दुर्बीण घालून आतड्याचा तुकडा. डॉक्टरांनी सांगितलं, गव्हातल्या ग्लूटेननं हिच्या लहान आतड्याचं अस्तर झिजतं, त्यावर औषध नाही. गहू बंद, जव बंद, जन्मभर. ती सात वर्षांची. रोज सकाळी तूप-साखर लावलेला पोळीचा रोल खाऊन शाळेत जाणारी.

बायकोची सकाळची लोकल असते, म्हणून नाश्ता माझ्याकडे. पहिल्या आठवड्यात मी दुकानातून कॉर्नफ्लोअरचा पुडा आणून त्याचं धिरडं घातलं होतं. ते मक्याचं पीठ नसून मक्याचा नुसता स्टार्च असतो, हे तव्यावर कळलं. धिरडं कसलं, खळ शिजली होती. पुस्तकांना कव्हर चिकटवता आली असती. म्हणून मग अख्खा मका आणून दळून घ्यायचं ठरवलं.

तुम्ही डबा उघडून मका हातात घेतला, कोणासाठी ते विचारलंत. मी सांगितलं. आणि तुम्ही झाकण लावून डबा माझ्याकडे सरकवलात. "इथं नका दळू."

मला राग आला होता, खरं सांगतो. मी म्हटलं, आधी गिरण झाडून घ्या, मूठभर मका टाकून ते पीठ फेकून द्या, जास्तीचे पैसे देतो. एकादशीला भगर दळून देता तसंच करा. त्यावर तुम्ही पट्टा थांबवलात, मागे रांगेत चार माणसं उभी असताना, आणि म्हणालात, "उपवासाला चालून जातं, देव रागावत नाही. पोरीच्या आतड्याला नाही चालायचं." मग मला आत बोलावून दगड दाखवलेत. दोन दगडांच्या मध्ये मागच्या दळणाचं पीठ राहतंच, पिशवीच्या शिवणीत राहतं, आणि झाडलं तरी हवेत उडालेलं पुन्हा खाली बसतं. तुमच्या भुवयासुद्धा गव्हाच्या होत्या. लोक "ज्वारीवरच टाका हं" म्हणून बजावून जातात ते ह्याचसाठी, पण त्यांना भाकरीची काळजी असते. एका गिऱ्हाइकाच्या मुलाला असाच त्रास झाला होता, तेव्हापासून तुम्ही असलं दळण घेत नाही, असंही सांगितलंत.

वर घरघंटी घ्यायला सांगितलीत. म्हणजे स्वतःचं गिऱ्हाईक स्वतःच घालवलंत. मी ओळखीत कोणाची जुनी मिळते का बघतो म्हणालो, तर तुम्ही जवळजवळ दटावलंत: जुनी अजिबात नको, तिच्यात आयुष्यभराचा गहू बसलेला असतो. माझे काही हजार वाचवायच्या नादात मी नेमकी तीच चूक करणार होतो.

नवी घेतली. आता मका, तांदूळ, हरभऱ्याची डाळ, सगळं घरीच दळतो, कारण सुट्ट्या बेसनाचा भरवसा नाही. मका आधी ताटात पसरून निवडतो. पहिल्याच खेपेला त्यात गव्हाचे पाच दाणे सापडले होते. आणि हिंग! डबीतली पूड. तिच्यात बऱ्याचदा गव्हाचं पीठ असतं, हे मला चाळिशीत कळलं. आता डबीवरची बारीक अक्षरं वाचल्याशिवाय काही घेत नाही.

पण खरा उपकार पुढचाच. घरच्या पिठाचं पहिलं धिरडंही उलथताना तुकडे तुकडे झालं. मी वैतागून तुमच्याकडे आलो, ह्या वेळी हात हलवत. तुम्ही शहाद्याकडचे, मक्याची भाकरी खात वाढलेले. म्हणालात, "मक्याला विरी कुठली? उकळीचं पाणी घाला. जुन्या ज्वारीला घालता ना, तसं." विरी म्हणजे पिठाचा चिकटपणा. इतकं साधं. गव्हाला चिकट धरून ठेवणारं जे असतं, तेच तर आम्हाला नको होतं. मग धरायचं काम दुसऱ्या कोणीतरी करायला हवं, ते उकळत्या पाण्यानं फुललेला मक्याचा स्टार्च करतो.

तर आता असं: दीड वाटी मक्याचं बारीक पीठ, त्यावर वाटीभर उकळतं पाणी, चमच्यानं कालवून दहा मिनिटं झाकण. मग अर्धी वाटी तांदळाचं पीठ, दोन मोठे चमचे बेसन, आंबट ताक, आलं-मिरची, ओवा, बचकभर कोथिंबीर. पीठ सरसरीत, पण घावनाइतकं पातळ नाही. अर्धा तास भिजू द्यायचं, तेवढ्यात तिची वेणी होते. बिडाचा तवाही नवा आणलाय. त्याला अर्ध्या कांद्यानं तेल फिरवायचं, धिरडं छोटं घालायचं, झाकण ठेवायचं, आणि कडा सुटेपर्यंत हात लावायचा नाही. हे शेवटचं मला सगळ्यात अवघड गेलं. पीठही चार दिवसांपुरतंच दळतो. मक्याच्या अंकुरात तेल असतं, पावसाळ्यात त्याला लगेच खवट वास येतो.

ती त्यांना "पिवळे पॅनकेक" म्हणते. शाळेत डबा उघडला की मैत्रिणी मागतात म्हणे. आता तिला तीन पुरत नाहीत, पाच द्यावी लागतात. वजन वाढलंय, पोटदुखी थांबलीय, आणि मागच्या तपासणीत रक्तातला सिलिअ‍ॅकचा आकडा बराच खाली आला.

भाऊ, शनिवारी सकाळी येतो. आजोबांना पोळीशिवाय जेवल्यासारखं वाटत नाही, त्यांचे दोन किलो गहू आहेत. निळ्या झाकणाचा डबा असेल. दुसऱ्या पिशवीत धिरडी आणि लसणाची चटणी असेल, ती तुमच्यासाठी. आणि तुमच्याकडून निघालो की दारातच शर्ट झटकायचा, असा लेकीचा हुकूम आहे.

तुमचा,
चरईतलं एक जुनं गिऱ्हाईक