कोनश्टाइनच्या डोंगरात जाण्यापूर्वी

चि. सौमित्र यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

म्युनिकच्या डॉइचेस म्युझियममध्ये पाहिलेल्या व्ही-२ या नाझी जर्मनीच्या युद्धकाळातील अग्निबाणाविषयी तू लिहिलेले सविस्तर पत्र मी दोनदा वाचले. चौदा मीटर उंचीचे ते यंत्र, त्यातील अल्कोहोल आणि द्रवरूप ऑक्सिजनचे इंजिन, हायड्रोजन पेरॉक्साइडवर फिरणारा इंधनपंप, हे सर्व तू ज्या जिव्हाळ्याने समजावून सांगितले आहेस त्याने मला समाधान वाटले. तुमच्या आजच्या अवकाशशास्त्राची वंशावळ त्या यंत्रापाशी जाऊन पोहोचते, हे तुझे म्हणणेही खरे आहे. मात्र तू त्याचा जन्म बाल्टिक समुद्रकाठच्या पेनेम्युंडे येथे झाला एवढेच लिहिलेस, आणि पत्राच्या शेवटी सुट्टीत मित्रांबरोबर हार्झच्या डोंगरांत, नॉर्डहाउझेनच्या बाजूला जाणार असल्याचे कळवलेस. त्या दोन वाक्यांच्या मध्ये जे राहून गेले ते तुला सांगितल्यावाचून मला चैन पडणार नाही. इतकी वर्षे इतिहास शिकवलेल्या आईचा हा हट्ट समज.

पेनेम्युंडेवर १९४३ च्या ऑगस्टमध्ये, १७ आणि १८ तारखांच्या मधल्या रात्री, ब्रिटिश विमानांनी बाँबहल्ला केला. अग्निबाणांचे उत्पादन उघड्यावर ठेवणे धोक्याचे आहे हे त्यानंतर नाझी सत्तेला कळून चुकले आणि ते जमिनीखाली हलवण्याचा निर्णय झाला. नॉर्डहाउझेनजवळच्या कोनश्टाइन या डोंगरात इंधनाच्या साठ्यासाठी आधीच बोगदे खोदण्याचे काम चालू होते. तीच जागा निवडली गेली. हल्ल्याला दोन आठवडेही उलटले नव्हते, तोच २८ ऑगस्टला बुखेनवाल्ड छळछावणीतून कैद्यांची पहिली तुकडी तेथे आणून उतरवण्यात आली. या नव्या छावणीला ‘डोरा’ हे नाव मिळाले.

त्या कारखान्याचा आराखडा तुझ्यासारख्याला चटकन कळेल. सुमारे पावणेदोन किलोमीटर लांबीचे दोन समांतर बोगदे, आणि शिडीच्या पायऱ्यांसारखे त्यांना जोडणारे ४६ आडवे बोगदे. मुख्य बोगद्यांतून रेल्वेचे रूळ. डोंगर जिप्समच्या जातीच्या खडकाचा, त्यामुळे सुरुंग उडाला की पांढरी भुकटी सगळीकडे पसरायची. कैद्यांसाठी बाहेर झोपड्या बांधण्याआधी यंत्रे बसवायची असे ठरले असल्यामुळे हजारो माणसांना आडव्या बोगद्यांपैकी शेवटच्या चार बोगद्यांतच ठेवण्यात आले. तेथे लाकडी फळ्यांचे चार-चार मजले रचलेले होते आणि एक पाळी कामावर गेली की त्याच फळ्यांवर दुसऱ्या पाळीचे लोक येऊन पडत. शेजारी रात्रंदिवस सुरुंग उडत होते. पाणी जवळजवळ नव्हते. शौचासाठी तेलाची पिंपे अर्धी कापून त्यांवर फळी टाकलेली असे. हजेरीसाठी बाहेर काढले जाईल तेवढाच उजेड, बाकी आठवडेच्या आठवडे अंधार, ओल आणि ती भुकटी. फुप्फुसांचे आजार, क्षय, हगवण आणि उपासमार यांनी पहिल्या सहा महिन्यांतच सुमारे तीन हजार माणसे गेली, आणि साधारण तितकीच मरणोन्मुख माणसे गाड्यांत भरून मायदानेक व बेर्गेन-बेल्सेन या छळछावण्यांत पाठवून देण्यात आली. ती परत येण्यासाठी पाठवलेली नव्हती, हे वेगळे सांगायला नको.

या कैद्यांत सर्वाधिक सोव्हिएत, पोलिश आणि फ्रेंच होते. १९४४ मध्ये ज्यू आणि रोमा-सिंटी (युरोपातील ‘जिप्सी’ म्हणवले जाणारे लोक) कैदीही येऊ लागले. पुढे आजूबाजूच्या प्रदेशात डझनावारी उपछावण्या निघाल्या आणि त्या सर्वांना मिळून मिटेलबाऊ हे नाव पडले. दीड वर्षाहून अधिक काळात सुमारे साठ हजार माणसे या छावण्यांतून गेली आणि त्यांपैकी जवळपास वीस हजार मरण पावली. एकट्या जर्मन राइखमध्ये, म्हणजे नाझींच्या जर्मन राज्यात, युद्धकाळात वेठीला धरलेल्या परदेशी मजुरांची, युद्धकैद्यांची आणि छळछावण्यांतील कैद्यांची एकूण संख्या सुमारे १ कोटी ३० लाख होती. त्या प्रचंड आकड्यापुढे डोरा लहान वाटेल, पण शस्त्र आणि ते घडवणारा वेठबिगार यांचा हिशेब इतक्या जवळजवळ मांडता येतो अशी जागा क्वचितच सापडते. व्ही-२ च्या माऱ्याने लंडन, अँटवर्प आणि इतरत्र जितके लोक मारले गेले, त्याहून अधिक लोक तो बनवताना आणि त्यासाठीची भुयारे खोदताना मेले. मारलेल्यांचे दुःख मी हलके करत नाही. अँटवर्पच्या रेक्स चित्रपटगृहावर १६ डिसेंबर १९४४ रोजी एकच बाण पडला आणि पाचशेहून अधिक माणसे गेली, हेही याच गोष्टीचे अंग आहे.

आता तुझ्या विषयाकडे येते. अभियंत्यांना हे ठाऊक नव्हते असे पुष्कळ वर्षे सांगितले गेले. व्ही-२ च्या विकासाचा तांत्रिक प्रमुख वेर्नहेर फॉन ब्राउन हा १९३७ पासून नाझी पक्षाचा आणि १९४० पासून एसएस या छळछावण्या चालवणाऱ्या नाझी संघटनेचा सदस्य होता. बोगद्यांतील कारखान्यात तो अनेकदा गेला होता. १५ ऑगस्ट १९४४ रोजी त्याने उत्पादन विभागातील सहकाऱ्याला लिहिलेले एक पत्र उपलब्ध आहे. योग्य ते कुशल कैदी निवडण्यासाठी आपण स्वतः बुखेनवाल्डला जाऊन आलो, असे त्यात त्याने लिहिले आहे. त्याचा सहकारी अभियंता आर्थर रुडॉल्फ हा तर याच भुयारी कारखान्यात उत्पादनाची जबाबदारी सांभाळत होता. घातपाताचा नुसता संशय आला तरी कैद्याला फाशी दिली जाई. १९४५ च्या मार्चमध्ये बोगद्यातील क्रेनला कैदी एका रांगेत टांगले गेले आणि त्यांना ओरडता येऊ नये म्हणून तोंडात लाकडाचे दांडके बांधले होते. जुळणीच्या कामावर येणारा प्रत्येक जण, मग तो कैदी असो वा पगारी तंत्रज्ञ, त्या देहांच्या खालून गेला.

अखेर छावणीची पांगापांग झाली तीही भयंकर होती. नॉर्डहाउझेन गावातील बोएल्के बराकीत आजारी कैद्यांना मरण्यासाठी टाकून दिले होते. ३ आणि ४ एप्रिलला ब्रिटिश बाँबहल्ल्यांत तेथेच आणखी शेकडो गेले. चालू शकणाऱ्या कैद्यांना पायी आणि गाड्यांतून उत्तरेकडे हाकलण्यात आले. गार्डेलेगेन येथे १३ एप्रिल रोजी एका कोठारात हजाराहून अधिक कैदी जिवंत जाळले गेले, त्यांत मिटेलबाऊचेही होते. अमेरिकन सैन्य ११ एप्रिलला नॉर्डहाउझेनला पोहोचले. त्यांनी गावकऱ्यांना बराकीतील प्रेते वाहून पुरायला लावली, आणि त्याच सैन्याने त्या वसंतात सुमारे शंभर अग्निबाणांचे भाग बोगद्यांतून काढून अमेरिकेला नेले. सौमित्र, या दोन्ही कामांसाठी आलेले सैन्य एकच होते, हे मला नेहमी थांबून विचार करायला लावते.

खटले झाले ते अपुरेच. १९४७ मध्ये डाखाऊ येथे १९ जणांवर खटला चालला आणि एकालाच फाशी झाली. फॉन ब्राउन आणि त्याचे सहकारी तोवर अमेरिकेत पोहोचले होते. रुडॉल्फने चंद्रावर माणूस नेणाऱ्या सॅटर्न-५ अग्निबाणाच्या कार्यक्रमाची धुरा सांभाळली. डोरामधील कामाची चौकशी झाल्यावर १९८४ मध्ये त्याने अमेरिका सोडली आणि नागरिकत्वावर पाणी सोडले.

स्मारकाचा इतिहासही सरळ नाही. युद्धानंतर सोव्हिएत अधिकाऱ्यांनी बोगद्यांची तोंडे स्फोटाने बंद केली. छावणीच्या झोपड्यांत काही काळ निर्वासित राहिले, मग त्या उचकटून लाकूड इतरत्र वापरले गेले. पूर्व जर्मनीच्या सरकारने १९६० च्या दशकात डोंगरावरच्या दाहगृहाच्या इमारतीत स्मारक उभारले. त्यात फॅसिझमविरोधी लढ्याचा गौरव होता आणि पश्चिम जर्मनीवर बोट होते, परंतु ज्यू, रोमा किंवा राजकीय नसलेले कैदी मागे राहून गेले. तरीही त्या काळात कोणीतरी ती जागा मोडू दिली नाही याचे श्रेय मला द्यावेसे वाटते. दोन्ही जर्मनी एक झाल्यावर १९९२ मध्ये, व्ही-२ च्या पहिल्या यशस्वी उड्डाणापासून मोजून, अवकाशयुगाच्या पन्नाशीचा सोहळा पेनेम्युंडेला करण्याचा बेत ठरला होता. जगभरातून विरोध झाला आणि तो रद्द करावा लागला. १९९५ मध्ये, मुक्ततेला पन्नास वर्षे झाली त्या वर्षी, नवा प्रवेशमार्ग खोदून बोगद्याचा एक भाग पाहुण्यांसाठी उघडला गेला, आणि २००६ मध्ये संग्रहालयाची नवी इमारत झाली. वेठबिगारांना भरपाई देण्यासाठी जर्मन सरकार आणि उद्योग यांनी मिळून निधी उभारला तो २००० मध्ये. पुढच्या सात वर्षांत १६ लाखांहून अधिक लोकांना रक्कम मिळाली, पण तोवर बहुतेक जण वारले होते.

तू जाशील तेव्हा मार्गदर्शकासह बोगद्यात जाण्याची वेळ आधी ठरवून घे. आत बाराही महिने सुमारे आठ अंश तापमान असते, तेव्हा उन्हाळा असला तरी स्वेटर बरोबर असू दे. गंजलेले यंत्रभाग अजून जिथल्या तिथे पडून आहेत आणि खालच्या पातळीवर पाणी साठलेले आहे. तुझी नजर इंजिनच्या तुकड्याकडे आधी जाईल, ती जाऊ दे. फक्त तो तुकडा कोणाच्या हातांनी, किती उपाशी माणसांनी बसवला, हे मार्गदर्शकाला विचार आणि उत्तर पूर्ण ऐक.

आणि एक आग्रहाची सूचना. डोरा पाहून परत फिरू नकोस, जवळच्या एल्रिश गावीही जा. तेथील उपछावणी रेल्वे स्थानकाला लागूनच होती, तिच्यात एका वेळी आठ हजारांपर्यंत कैदी कोंबलेले असत आणि हजारो मेले. युद्धानंतर दोन जर्मनींची सरहद्द नेमकी त्या जागेतून गेली. कुंपण घालताना उरलेल्या इमारती पाडल्या गेल्या आणि चाळीस वर्षे तेथे फिरकणेही अवघड होते. त्यामुळे त्या छावणीची आठवण सर्वांत उशिरा आणि सर्वांत तुटपुंजी जपली गेली. तेथे पाहण्यासारखे फारसे उभे नाही, म्हणून छावणीचा नकाशा डोराच्या संग्रहालयातूनच मागून घे आणि त्या जुन्या सरहद्दीच्या दोन्ही बाजूंना फिरून ये. मला सविस्तर कळव.

तुझी
आई