गाईड घ्यायचा की नाही : आई-बाबांना पत्र

उट्रेख्त, रविवार

ती. आई-बाबा,
साष्टांग नमस्कार.

फोनवर हा विषय निघाला की तुम्ही दोघं एकमेकांचं बोलणं तोडता, आणि पाचव्या मिनिटाला आई फोन बाबांच्या हातात कोंबून दूध उतू जातंय का बघायला पळते. म्हणून लिहून काढतेय. बाबा, तुम्ही मोठ्याने वाचून आईला ऐकवा. मधेमधे स्वतःची टिप्पणी घालू नका.

भांडण एवढंच आहे, की तुम्ही आलात की ॲमस्टरडॅमच्या राइक्सम्युझियममध्ये गाईड घ्यायचा की नाही. आई म्हणते, एवढ्या लांब येऊन नुसतं भिंतींकडे बघत फिरायचं का, कोणीतरी सांगणारं हवं. बाबा म्हणतात, पाट्या वाचता येतात, गाईड लोक थापा मारतात आणि वर पैसे घेतात. दोघांचं झाल्यावर 'तूच काय ते ठरव' म्हणून माझ्या गळ्यात घातलंत.

मग मागच्या रविवारी मी जाऊन रंगीत तालीमच करून आले. माझ्याकडे इथलं म्युझियम कार्ड आहे, देशभरातल्या चारशेहून जास्त संग्रहालयांत ते चालतं, त्यामुळे प्रवेशाचा खर्च नव्हता. फक्त तासाभराच्या टूरचे पैसे भरले. (बाबा, शंभरने गुणू नका. तुम्ही आल्यापासून जाईपर्यंत शंभरने गुणत बसलात तर कॉफीसुद्धा पिणार नाही तुम्ही.)

आधी बाबांची बाजू, कारण ती खोटी नाही. दोन वर्षांपूर्वी मैत्रिणींबरोबर दुसऱ्या एका देशातल्या खूप नावाजलेल्या संग्रहालयात मी टूर घेतली होती, ते तुम्हाला सांगितलं नव्हतं. पंचवीस-तीस माणसं, पुढे काठीला रुमाल बांधलेला गाईड, कानात खरखरणारं यंत्र. दीड तासात तीसेक चित्रं. प्रत्येक चित्रापुढे चित्रकाराचा जन्म, मृत्यू, किती बायका, किती कर्ज, शेवटचा लिलाव कितीला गेला, की चला पुढे. मी चित्रं पाहिली म्हणण्यापेक्षा पुढच्या माणसाची पाठ पाहिली. त्या दीड तासातलं आज मला एकही चित्र आठवत नाही, रुमाल मात्र आठवतो. लाल होता. असली टूर असेल तर बाबांचं शंभर टक्के बरोबर.

पण बाबा, अजिंठा आठवा. मी आठवीत होते. पहिल्या नंबरच्या लेण्यात त्या गाईडच्या बडबडीला तुम्ही इतके वैतागलात की बाहेर येऊन आईला म्हणालात, "याच्यापेक्षा मी बरं सांगितलं असतं." आणि आज त्या सहलीतलं तुम्ही पाहुण्यांना काय सांगता? पद्मपाणीच्या गळ्यातले मोती. बाजूने बॅटरी धरली की ते मोती कसे उठून दिसतात, भिंतीवर खरेच चिकटवल्यासारखे, हे तुम्ही किमान पन्नास जणांना हातवारे करून सांगितलंय. ते तुम्हाला कोणी दाखवलं? त्यानेच. पाटीवर मोत्यांचं नव्हतं काही.

म्हणून मागच्या रविवारी मी एवढंच बघायचं ठरवलं होतं, की ही गाईड मला एखादा मोती दाखवते का.

साठीच्या आसपासची उंच बाई होती, चष्मा दोरीला लटकवलेला. आम्ही जेमतेम डझनभर. व्हर्मीर या जुन्या डच चित्रकाराच्या 'दूध ओतणाऱ्या बाई'पाशी तिने आम्हाला उभं केलं आणि गप्प बसली. बराच वेळ. एक जण अस्वस्थ होऊन मोबाइल काढायला लागला तशी म्हणाली, "अजून नाही. आधी मला सांगा, भिंतीवर काय आहे?"

हे चित्र केवढंसं आहे माहितीय का? सेहेचाळीस सेंटिमीटरही उंच नाही. आपल्या देवघरातल्या दत्ताच्या तसबिरीएवढं. साधारण १६६० सालचं. पिवळी चोळी, निळं ॲप्रन, बाह्या वर सारलेली धट्टीकट्टी बाई मडक्यातून दूध ओततेय, बस. आम्ही सगळे दुधाकडे बघत होतो. भिंतीवर काही नाही असं चार जणांनी सांगितलं. मग ती म्हणाली, पुन्हा बघा. आणि दिसला. खिळा! पांढऱ्या भिंतीत वर एक नुसता खिळा, त्याची बारीकशी सावली, आणि आसपास आधीच्या खिळ्यांची भोकं. आपल्या मिरजेच्या स्वयंपाकघरात कॅलेंडरच्या जागी आहेत ना, तशीच. खिडकीची एक काचही फुटलेली आहे.

मग तिने सांगितलं की या भिंतीवर आधी व्हर्मीरने मडकी टांगायची फळी रंगवायला घेतली होती आणि खाली निखाऱ्यांची टोपली, नंतर दोन्ही पुसून टाकलं. रंगाच्या आतले थर तपासणाऱ्या यंत्रांनी ते सापडलं, २०२२ मध्ये जाहीर केलं. म्हणजे भिंत रिकामी आहे ती मुद्दाम रिकामी केलेली आहे, खिळा मात्र ठेवला. हे पाटीवरून मला कळलं असतं कदाचित, पण मी दोन मिनिटं भिंतीकडे बघितलं नसतं. त्या चित्रापुढून मी याआधी तीनदा गेलेय, आई. तीनदा.

आणि आता तुझ्यासाठी. टेबलावर पावाचे तुकडे आहेत. काही अभ्यासकांचं म्हणणं असं की बाई शिळ्या पावात दूध घालून खीर-लापशीसारखं काहीतरी करतेय, वाया जाऊ नये म्हणून. धार इतकी बारीक आहे ती त्यामुळेच, बेतानं ओततेय. मला एकदम तू दिसलीस. रात्रीच्या उरलेल्या पोळ्यांचा कुस्करा, वर गूळ-तूप. टूरमध्ये मी हे मोडक्यातोडक्या शब्दांत सांगितलं तर गाईड बाईने कुस्करा कसा करतात ते विचारून घेतलं. आमचा पुढचा सगळा घोळका पाच मिनिटं तुझ्या कुस्कऱ्यावर थांबला होता.

तासाभरात तिने एकूण सहा चित्रं दाखवली. सहा! या इमारतीत ऐंशी दालनांत मिळून आठ हजार वस्तू मांडलेल्या आहेत. तेव्हा 'सगळं बघून घेऊ' हे बाबांचं जे आहे ना, सकाळी नऊला शिरून पाचला बाहेर, ते कोणालाच जमत नाही. गाईड असो नसो.

रेम्ब्रांटच्या 'नाइट वॉच' (म्हणजे रात्रीची गस्त) या चित्राचं थोडक्यात सांगते, नाहीतर इथे ऐकायला काही उरणार नाही. १६४२ चं आहे, भिंतभर, साडेचार मीटर रुंद. आणि ते आधी याहून मोठं होतं. १७१५ मध्ये नगरभवनात हलवताना तिथल्या भिंतीवर मावेना म्हणून चारही बाजूंनी कापलं. आपण कपाट आत जाईना म्हणून दाराची चौकट तासली होती, यांनी कपाटच तासलं. शिवाय ती रात्र नाहीच. वरचं व्हार्निश आणि मळ काळवंडत गेला, त्यावरून लोकांनी रात्र ठरवली. सध्या ते जुनं व्हार्निश काढायचं काम चालू आहे, तेही काचेच्या खोलीत, सगळ्यांच्या समोर. बाबा, तुम्ही रस्त्यात खोदकाम दिसलं तरी अर्धा तास उभे राहता, इथून तुम्हाला हलवणं कठीण जाणार आहे.

आता तोटे, कारण मी वकिली करत नाहीये. टूर उभ्याने असते. आईचा गुडघा वीस मिनिटांच्या वर उभा राहू देत नाही. दुसरं, दालनं उंच, गर्दी, आवाज घुमतो. बाबांच्या कानातल्या यंत्राला गोंगाटात काय होतं ते आपण रोहितच्या लग्नात पाहिलंय. तिसरं, बोलणं इंग्रजीत, डच वळणाचं. आईला पुस्तकी इंग्रजी छान समजतं, पण समोरचा भरभर बोलला की ती नुसती मान हलवते. (हलवतेस.) मोबाइलवर ऐकायचं संग्रहालयाचं ॲप आहे, फुकट आहे, पण मराठी त्यात अर्थातच नाही, आणि तुम्हा दोघांना कानात बोंडं घालून शेजारी शेजारी मुक्याने चालायला लावायचं मला काही पटत नाही.

बाबा म्हणाले होते, "तूच सांग की सगळं, तू आता तिथली." नको. मी सांगायला लागले की पहिल्या चित्राला तुम्ही माझी चूक काढणार, दुसऱ्याला आई विचारणार की डबा आणलास का. तेच तिसऱ्या माणसाने सांगितलं की तुम्ही दोघं शाळेतल्यासारखं ऐकता. शिवाय मला पण एकदा तुमच्याबरोबर नुसतं बघायचंय.

तर माझा निर्णय असा. आईसाठी टूर घ्यायची, तासाभराची, लहान गटाची. मी तिच्याबरोबर राहून जिथे अडेल तिथे कानात सांगेन. बाबांसाठी घ्यायची नाही. बाबांनी तो तास जहाजांमध्ये काढावा. विल्यम रेक्स नावाच्या युद्धनौकेची १६९८ मधली लाकडी प्रतिकृती आहे तिथे, शिडं-दोरखंडांसकट, माणसापेक्षा कितीतरी मोठी. तिला प्रदक्षिणा घालायला तुम्हाला गाईड लागणार नाही. मग तिघांनी मिळून कॉफी, आणि मग आईने बाबांना खिळा दाखवायचा. बाबांना आधी सांगायचं नाही कुठे आहे ते. (बाबा, वर वाचलंत ते विसरा.)

एक गोष्ट मात्र तिघांनी मिळून बघायची, आणि त्याला गाईडचा उपयोग नाही. या संग्रहालयाकडे योहानेस व्हिंकबोन्सचं एक चित्र आहे, साधारण १६६२-६३ चं, डच ईस्ट इंडिया कंपनीसाठी काढलेलं. त्याचं नाव वाचून मी ट्रेनमध्ये उडाले : 'विजापुरातलं रायबाग'. होय आई, तुझं आजोळ! मिरज-बेळगाव पॅसेंजरमधून उतरून टांग्याने जायचो ते रायबाग. तेव्हा ते आदिलशाहीतलं व्यापाराचं गाव, आणि वेंगुर्ल्याला डचांची वखार होतीच १६३७ पासून, तिथून यांचा घाटावर संबंध. चित्रकार मात्र इकडे कधी आला नव्हता, ॲमस्टरडॅममध्ये बसून कंपनीच्या कागदांवरून काढलं. बाबा, १६६३ म्हणजे लाल महालात शाहिस्तेखानाची बोटं तुटली ते साल. तिकडे ती धामधूम आणि इकडे हे साहेब ब्रश धुतायत. चित्र भिंतीवर लावलेलं असतं की कोठीत, ते बदलत राहतं, म्हणून तुम्ही यायच्या आठवडाभर आधी मी चौकशी करेन. नसलं तर घरी मोठ्या स्क्रीनवर दाखवेन. रायबागच्या मामींना विचारून ठेव, जुन्या वेशीचं काही शिल्लक आहे का. यांचं रायबाग आणि आपलं रायबाग ताडून बघू.

आता गुडघ्याचं. संग्रहालयात व्हीलचेअर फुकट मिळते. मला माहितीय तू काय म्हणणार आहेस : "मी काय एवढी म्हातारी झाले का?" नाही झालीस. पण मागच्या रविवारी आमच्या गटात एक आजी होत्या चाकाच्या खुर्चीत, आणि प्रत्येक चित्रापुढे सगळ्यांनी बाजूला सरून त्यांना पहिली रांग दिली. मी मागून टाचा उंचावत होते आणि त्या खिळ्यापासून हातभर अंतरावर आरामात बसल्या होत्या. टूर संपल्यावर टुणकन उठून स्वतःच खुर्ची ढकलत परत द्यायला गेल्या. तूही तसं कर.

नऊला उघडतं, उट्रेख्तहून ट्रेनने अर्धा तास. गर्दी अकराच्या सुमाराला लोटते, तेव्हा पहिलीच वेळ घ्यायची. मोठी पिशवी आत नेता येत नाही, त्यामुळे आई, दशम्या आणि चटणी लॉकरमध्ये राहतील, नंतर मागच्या हिरवळीवर बसून खाऊ. बाबांनी नवे बूट घालून यायचं नाही, जुनेच.

वेळ धरून तिकीट काढावं लागतं. खुर्चीला आई हो म्हणतेय का ते शुक्रवारपर्यंत कळवा. फोन आईनेच करायचा, बाबांनी तिच्या वतीने हो म्हणायचं नाही.

तुमची,
छकुली