परवाना वीस झाडांचा, साफ अख्खा डोंगर

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दिवाळी सरली, भात झोडून घरात आले की आपल्या दैनिकात एक बातमी ठरलेली: घाटात विनापरवाना लाकडाचा ट्रक पकडला, चालक ताब्यात, माल जप्त. कारवाई व्हायलाच हवी, त्याबद्दल तक्रार नाही. पण ट्रक दरवर्षी पकडले जातात आणि संगमेश्वर, लांजा, राजापूर या पट्ट्यातले डोंगर दरवर्षी बोडके होत जातात. पकडला जातो तो माल थोडा. बाकीचा रीतसर पास घेऊन दिवसाढवळ्या घाट चढतो. म्हणून हे पत्र.

कोकणातल्या लाकूडतोडीबद्दल बोलताना लोकांच्या डोळ्यांसमोर रात्री जंगलात शिरणारा चोर येतो. तसा चोर खैराच्या आणि चंदनाच्या बाबतीत आहेही. पण रत्नागिरी जिल्ह्यात सरकारी जंगल नावापुरतेच. आपण ज्याला जंगल म्हणतो ते जवळजवळ सगळे कुणाच्या ना कुणाच्या सातबाऱ्यावर उभे आहे. त्या सातबाऱ्यावर पणजोबांपासूनची नावे, निम्मे खातेदार मुंबईत, काहींचा पत्ताही घरच्यांना ठाऊक नाही. वाटण्या झालेल्या नाहीत. डोंगर कोणाचाच नाही आणि सगळ्यांचा आहे. लाकडाच्या व्यापाऱ्याला याहून सोयीचे काय हवे?

व्यवहार कसा होतो ते गावात सगळ्यांना माहीत आहे, फक्त छापून येत नाही. गणपतीला किंवा शिमग्याला चाकरमानी गावी आलेले असतात, तेव्हा व्यापाऱ्याचा माणूस घरोघरी फिरतो. झाडे मोजायची नाहीत, जाती लिहायच्या नाहीत, ‘अख्खा डोंगर उक्ता द्या’ एवढेच. पडीक जागेचे पैसे मिळतायत म्हणून सह्या होतात. मग परवान्यासाठी अर्ज जातो तो काही ठरावीक झाडांचा. परवाना आला की मशीनच्या करवती येतात, त्याआधी जेसीबी येऊन डोंगराला रस्ता पाडतो, आणि पंधरवड्यात ऐन, किंजळ, जांभूळ, कुंभा, बारका रोपवाडा सगळे आडवे. परवाना वीस झाडांचा असेल तर कागदावर वीसच तुटलेली असतात. तोडीनंतर बुंधे मोजायला डोंगर चढून येणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. येत असल्यास आनंद आहे.

यासाठी कायदा नाही असे नाही. महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियम 1964 चा आहे आणि तो खासगी जमिनीलाही लागू आहे. त्याच्या अनुसूचीत 16 जाती आहेत: साग, खैर, ऐन, किंजळ, हिरडा, आंबा, फणस, जांभूळ, चिंच, कांदळवन वगैरे. बेहडा त्यात नाही. ज्या बेहड्याच्या ढोलीत महाधनेश हा मोठा पक्षी घरटे करतो, ज्याची फळे औषधासाठी विकली जातात, तो कायद्याच्या नजरेत ‘इतर’. मूळ कायद्यात दंड 1 हजार रुपयांपर्यंत. ऑगस्ट 2024 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने तो 50 हजार करण्याचा निर्णय घेतला तेव्हा कोकणातून मोठी ओरड झाली. मला ती ओरड पटली नाही आणि तो दंडही पटला नाही. 1 हजार ही चेष्टा होती, हे उघड आहे. पण 50 हजार कोणाकडून वसूल करणार? सातबाऱ्यावर नाव शेतकऱ्याचे. सौदा करणारा, करवती आणणारा, माल नेणारा व्यापारी कागदावर दिसतच नाही. दारची फांदी तोडणारी म्हातारी सापडेल आणि डोंगर नेणारा सुटेल, ही भीती खोटी नव्हती. परवान्याच्या अर्जावर खरेदीदाराचे नाव आणि सही सक्तीची करा, जास्तीच्या प्रत्येक बुंध्याला त्याला जबाबदार धरा. मग दंड कितीही वाढवा, कोकणात कोणी हूं की चूं करणार नाही.

दुसरा उपाय सरसकट बंदीचा. सावंतवाडी आणि दोडामार्ग तालुक्यांत मुंबई उच्च न्यायालयाने 2013 मध्ये वृक्षतोडीवर बंदी घातली. 2024 च्या निकालात तिथल्या 25 गावांना पर्यावरणीयदृष्ट्या संवेदनशील ठरवण्याची प्रक्रिया पूर्ण करायला आणि तोडीवर लक्ष ठेवण्यासाठी कृती दल नेमायला सांगितले. सह्याद्रीतल्या वाघांच्या येण्याजाण्याच्या या वाटेवर बंदी असायलाच हवी. पण एवढी वर्षे बंदी असूनही न्यायालयाला कृती दल नेमायला सांगावे लागले, यातच सगळे आले. तिथे रबर आणि अननसाच्या लागवडीसाठी डोंगर साफ झालेच. बंदीने झाड तोडणे गुन्हा होतो. उभे ठेवल्याचे शेतकऱ्याच्या हाती मात्र काहीच पडत नाही.

माझा मुद्दा नेमका इथेच आहे. आपल्याकडे झाडाची किंमत ते आडवे पडल्यावरच ठरते. सरकारच्या योजनांनीही नकळत तेच शिकवले. 1990 पासून रोजगार हमीशी जोडलेल्या फळबाग लागवडीने कोकणात आंबा-काजू वाढला, अनेक घरे उभी राहिली, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण कलमे लावायची तर आधी डोंगर साफ करायचा, अशी सवयही तिथूनच लागली. जंगल राखणाऱ्या खातेदारासाठी तशी योजना मात्र कोणी आणली नाही.

आणि राखून वापरणे आपल्याला कोणी शिकवायला नको. दाढ, म्हणजे भाताची रोपे करायची जागा, भाजायला ऐन-किंजळीची कवळ, म्हणजे पाल्याच्या फांद्या, पिढ्यान्‌पिढ्या तोडली गेली. शेंडा राखायचा, फांद्या घ्यायच्या, पुढच्या वर्षी दुसरी झाडे. झाड मेले नाही. आजही सिंधुदुर्गात माणगा बांबूची बेटे बघा. जून काठ्या तेवढ्या काढतात, कोवळ्या ठेवतात, बेट दरवर्षी पैसे देते. 2017 मध्ये वन कायद्यात दुरुस्ती होऊन वनाबाहेरचा बांबू ‘झाड’ या व्याख्येतून वगळला गेला, वाहतुकीच्या पासाची कटकट कमी झाली. तो शेतकरी बेट मुळासकट उपटून विकतो का? नाही विकत, कारण पुढच्या वर्षीचा पैसा त्याला त्यात दिसतो.

डोंगराचेही तसेच करता येते. ऐन, किंजळ बुंधा राखून तोडले तर धुमारे फुटतात. जेसीबीने खोड उपटले तर विषय संपला. डोंगराचे भाग पाडावेत, एका मोसमात एकाच भागातली निवडक जून झाडे घ्यावीत, पऱ्ह्याच्या (ओढ्याच्या) दोन्ही काठांना आणि तीव्र उताराला हातच लावू नये. हे किचकट शास्त्र नाही. मात्र अशी तोड करणाऱ्याला परवाना लगेच मिळाला पाहिजे आणि सफाई करणाऱ्याला अजिबात मिळता कामा नये. आज दोघांनाही सारखेच हेलपाटे, म्हणून शेतकरी कंटाळून सगळे काम व्यापाऱ्यावर सोडतो. पुण्याच्या ‘एईआरएफ’ या संस्थेने संगमेश्वर भागात खासगी जमीनमालकांशी जंगल राखण्याचे करार केले आहेत, बेहडा-हिरड्याच्या फळांना प्रमाणित माल म्हणून बाजार मिळवून दिला आहे. एका संस्थेला जमते ते जिल्हा नियोजनातून का जमू नये?

जुलै 2021 च्या पुरानंतर चिपळूणकरांनी वाशिष्ठी नदीतला गाळ काढा म्हणून साखळी उपोषण केले. पाऊस अफाट होता, सगळे खापर तोडीवर फोडणे बरोबर नाही. पण गाळ उपसण्याला पैसा मिळतो आणि वरच्या डोंगरावरचे झाड राखणाऱ्याला छदाम मिळत नाही, हे गणित काही केल्या जुळत नाही.

आता आपल्याकडे एक मागणे. आपण मोसमात हापूसचे वाशी बाजारातले दर रोज छापता. ऑक्टोबर ते मे दर महिन्याला एक चौकट वृक्षतोड परवान्यांचीही छापावी: गाव, गट क्रमांक, झाडांच्या जाती, संख्या, मुदत. ही माहिती माहितीच्या अधिकारात मिळू शकते. ग्रामपंचायतीच्या फलकावर ती लावायला लावण्यासाठी मी आमच्या ग्रामसभेत ठराव मांडणार आहे. मंजूर होईल की नाही सांगता येत नाही, कारण सह्या करणारेही तिथेच बसलेले असतात. पण आकडा छापून आला की डोंगरावर जाऊन बुंधे मोजायला गावातली चार पोरे पुरेशी आहेत, आणि जास्त भरले तर वन विभागाचा 1926 हा क्रमांक फिरवायला एकच पुरेसा.

आपला,
एक सामाईक खातेदार,
ता. संगमेश्वर, जि. रत्नागिरी