घरखर्चातून उरलेले पैसे

सांगली
रविवार

चि. मुक्तास,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस की एप्रिलपासून नोकरी सोडून छोटीबरोबर घरीच थांबणार, निनादच्या पगारात आरामात भागेल. मी लगेच विचारलं, तुझ्या एकटीच्या नावावर खातं आहे ना? तू हसलीस. "बाबा, हे इंग्लंड आहे, इथल्या बायकांचे असले प्रश्न कधीच संपलेत." तेवढ्यात छोटी रडायला लागली आणि विषय तिथंच राहिला. पत्रात मला मध्येच कोणी तोडत नाही, म्हणून लिहायला बसलोय. हे प्रश्न नेमके कोणत्या साली संपले ते जरा बघू. मी सहकारी बँकेत खतावण्या लिहिण्यात आयुष्य घालवलेला माणूस, माझी नजर आधी जमाखर्चावरच जाणार.

आपल्याकडे इंग्लिश बाई म्हटली की डोळ्यांपुढे कलेक्टरची मडम उभी राहते. महाबळेश्वरला व्हरांड्यात वेताच्या खुर्चीत बसलेली, हाताखाली डझनभर नोकर. मायदेशी राहिलेल्या लाखो बायकांचं जगणं आपल्याला दिसलंच नाही. तू राहतेस त्या गल्लीतच बघ. लीड्सची ही बॅक-टू-बॅक घरं एकमेकांना पाठ लावून बांधलेली, मागे दार नाही की परसू नाही. 1937 पर्यंत तिथं अशी घरं बांधत होते. धुणं वाळत कुठं घालायचं? तर या घरापासून समोरच्या घरापर्यंत रस्त्यावर आडव्या दोऱ्या. सोमवार हा साऱ्या इंग्लंडचा धुण्याचा वार. पहाटे उठून हंड्याखाली जाळ करायचा, पाणी बादलीने आणून ओतायचं, कपडे पिपात घालून लाकडी दांड्याने घुसळायचे, फळीवर घासायचे, शेवटच्या पाण्यात नीळ, मग दोन रुळांच्या चरकातून पिळून काढायचे. ती नीळ बहुतेक हल गावच्या रेकिट कंपनीची असायची. तुझी आजी वापरायची त्या रॉबिन निळीचं माहेर तेच. जेवायला रविवारच्या मटणाचा उरलेला थंड तुकडा, कारण वेगळा स्वयंपाक करायला त्या दिवशी उसंतच नसायची. पाऊस असला की ओले कपडे घरातच, कोळशाच्या शेगडीभोवती.

हे सगळं हिशेबात कुठंच धरलेलं नाही. आपल्या घरचं धुणं फुकट, हे एक वेळ समजू शकतो. पण दुसऱ्यांचं धुणं धुऊन लग्न झालेल्या बाईने जे चार पैसे मिळवले, तेही 1870 पर्यंत कायद्याने तिच्या नवऱ्याचेच होते. त्या वर्षीच्या कायद्याने बाईची मजुरी बाईची झाली आणि 1882 च्या कायद्याने तिची मालमत्ताही. त्या आधी घर कसं चालवावं हे अख्ख्या इंग्लंडला शिकवणाऱ्या इझाबेला बीटनचीही तीच गत. तिचा गृहव्यवस्थेचा जाडजूड ग्रंथ 1861 साली आला तेव्हा ती पंचविशीत होती. रोजचा खर्च रोज लिहा, असं त्यात बजावलेलं आहे. सगळं काम एकटीने करणाऱ्या मोलकरणीला वर्षाला 9 ते 14 पौंड द्यावेत, असं कोष्टकही आहे. अठ्ठाविसाव्या वर्षी बाळंतपणानंतरच्या तापाने ती गेली. पुढच्याच वर्षी लंडनची ओव्हरेंड गर्नी ही मोठी पेढी बुडाली, त्यात तिचा प्रकाशक नवरा कर्जात गेला आणि त्या ग्रंथाचे हक्क दुसऱ्या कंपनीला विकून मोकळा झाला.

असो. मला खरं गुंतवून ठेवलं ते लंडनच्या लॅम्बेथ भागातल्या बायकांनी. 1909 ते 1913 या काळात मॉड पेंबर रीव्हज आणि फेबियन सोसायटी या समाजवादी संस्थेच्या महिला गटातल्या तिच्या सहकारिणी तिथल्या कामगारांच्या घरी दर आठवड्याला जायच्या. नवऱ्याची कमाई आठवड्याला साधारण एक पौंड, म्हणजे वीस शिलिंग, कुठं थोडी जास्त. त्यांनी बायकांना सांगितलं, आठवड्याचा खर्च लिहून ठेवा. काही जणींना लिहिता येत नव्हतं, त्यांचं नवऱ्याने किंवा थोरल्या पोराने लिहिलं. त्या वह्यांतले आकडे मी कीर्द तपासावी तसे तपासले आणि मुक्ता, तुला सांगतो, आमच्या शाखेत इतकं चोख काम करणारी माणसं थोडी होती. कमाईचा तिसरा हिस्सा भाड्यात, तेही दोन-तीन ओलसर खोल्यांच्या. कोळसा अर्धा-अर्धा हंड्रेडवेट, म्हणजे पंचवीसेक किलो आणायचा, कारण जास्त घ्यायला पैसे नाहीत आणि ठेवायला जागा नाही. म्हणून तो श्रीमंतांपेक्षा यांना महाग पडायचा. गॅस मीटरमध्ये एकेक पेनी टाकून. पोरांच्या बुटांसाठी आपल्या भिशीसारखे क्लब. आणि एक रकम कोणत्याही आठवड्यात चुकत नाही: अंत्यविधीचा विमा. मुलामागे आठवड्याला एक पेनी, आईचे दोन, बापाचे तीन.

हा खर्च बघून सुखवस्तू लोक म्हणायचे, ही उधळपट्टी बंद करा, त्या पैशांत पोरांना दूध पाजा. रीव्हजबाईंनी त्याचं उत्तर चोख दिलं आहे. दर आठवड्याच्या एका पेनीत दूध असं किती येणार? आणि पोर गेलंच, तर पुरायला लागणारे पौंड-दीड पौंड आणायचे कुठून? मूल सरकारी खर्चाने पुरणं ही त्या गल्लीत न पुसली जाणारी नामुष्की होती. आधी उधार घेऊन पुरायचं आणि मग कित्येक महिने उरलेल्या पोरांच्या तोंडातला घास काढून फेडायचं, त्यापेक्षा विमा परवडला. पैसा नसलेल्या माणसाला पैसा कळत नाही, असं समजणारे लोक मी कर्जसमितीतही पाहिलेत.

वह्यांत जेवणाचा खर्च दोन भागांत दिसतो. मटण-मासळी नवऱ्याला, कारण तो पडला तर घर पडलं. पोरांना बटाटे आणि रस्सा. बाईला पाव आणि चहा. ती गरोदर असली तरी.

लँकेशायरच्या कापड गिरण्यांत जरा निराळं होतं. तिथं लग्नानंतरही बायका मागावर उभ्या राहायच्या, पोर शेजारणीकडे ठेवून. तिथल्या भल्या नवऱ्याची ओळख म्हणजे पगाराचं पाकीट न फोडता बायकोच्या हातात देणं. ती त्यातून त्याला विडी-बिअरचे पैसे परत द्यायची. इतर ठिकाणी कित्येक बायकांना नवऱ्याचा पगार किती हेच जन्मभर कळलं नाही. तो घरखर्चाला ठरावीक रक्कम द्यायचा आणि त्यात भागवणं तिची जबाबदारी. कमी पडलं की सोमवारी नवऱ्याचा रविवारचा सूट गहाणवटवाल्याकडे, पगाराच्या दिवशी सोडवून आणायचा, पुढच्या सोमवारी पुन्हा तिकडं. सूट बिचारा अंगावर कमी आणि गाठोड्यात जास्त.

आता माझ्या घरचा विषय, सहकार. रॉचडेल तुझ्यापासून आगगाडीने तासाभरावर असेल. तिथल्या टोड लेनवर 21 डिसेंबर 1844 ला 28 सभासदांनी लोणी, साखर, पीठ, ओटचं पीठ आणि मेणबत्त्या एवढ्याच मालावर दुकान उघडलं. सहकाराच्या प्रशिक्षणात हे आम्ही घोकून पाठ केलंय: जेवढी खरेदी, तेवढा लाभांश. खरेदी कोण करत होतं, हे मात्र कोणत्याच व्याख्यात्याने सांगितलं नाही. टोपली घेऊन बायकाच जायच्या. जवळचं खासगी दुकान उधार द्यायचं तरी रोख घेणाऱ्या को-ऑपपर्यंत चालत जायच्या, कारण तिमाहीला किंवा सहामाहीला पौंडामागे दोन-तीन शिलिंग हातात पडायचे. त्याला 'डिव्ही' म्हणत. त्यातून पोरांचे बूट, थकलेलं भाडं, क्वचित समुद्रावर एक दिवस. सभासद क्रमांक घरातल्या लहान पोरांनाही पाठ असायचा. याच बायकांची विमेन्स को-ऑपरेटिव्ह गिल्ड ही संघटना 1883 साली निघाली. 1911 च्या विमा कायद्यात बाळंतपणासाठी 30 शिलिंग मिळायची सोय झाली, तेव्हा ही रक्कम बापाच्या नाही, आईच्या मालकीची हवी म्हणून गिल्डने लढा दिला आणि 1913 साली तसा बदल करून घेतला.

आणि आता तो खटला, ज्याच्यामुळे मी तुला खात्याचं विचारलं. ऑक्सफर्डच्या एका बाईने, श्रीमती ब्लॅकवेल यांनी, घरखर्चात काटकसर करून तिथल्या को-ऑप सोसायटीत 103 पौंड 10 शिलिंग साठवले. खातं तिच्या नावावर, पासबुक तिच्याकडे. नवरा-बायको वेगळे झाले आणि नवऱ्याने त्या पैशांवर दावा लावला. अपील कोर्टाने 1943 साली निकाल दिला: घरखर्चाला दिलेले पैसे नवऱ्याचे, म्हणून त्यातून उरलेलेही नवऱ्याचे. पेनी-पेनी वाचवण्याची अक्कल आणि मेहनत बाईची, शिल्लक त्याची! बाहेर महायुद्ध चालू होतं, सरकार बायकांना ओरडून सांगत होतं की काटकसर करा, काही वाया घालवू नका. 1949 साली आणखी एक मासला. घरखर्चाच्या पैशांतून फुटबॉल पूलवर, म्हणजे सामन्यांच्या निकालांवरच्या पैजेत, लावलेली बाजी लागली, त्या बक्षिसातून घरात फर्निचर आलं. कोर्ट म्हणालं, तेही नवऱ्याचं. एकटे न्यायमूर्ती डेनिंग विरोधात गेले. हा कायदा बदलला 1964 साली, डॉक्टर आणि खासदार असलेल्या एडिथ समरस्किल यांनी वर्षानुवर्षं पिच्छा पुरवल्यावर. तेव्हाही पुरे पैसे नाहीत, निम्मे.

तुझी आई हे ऐकून म्हणाली, "डब्यात ठेवायचे होते, बँकेत कशाला ठेवले?" बँकेत हयात घालवलेल्या माणसाला बायकोने हे ऐकवावं आणि त्याच्याकडे उत्तर नसावं.

एलेनॉर रॅथबोन या खासदार बाईचं नाव तू ऐकलं असशील. बाई मुलं वाढवते, तर त्या कामाचे पैसे थेट तिच्या हातात पडले पाहिजेत, यासाठी तिने पंचवीसेक वर्षं घालवली. 1945 साली सरकारने मुलांच्या भत्त्याचं विधेयक आणलं खरं, पण त्यात भत्ता बापाला! तेव्हा तिने धमकीच दिली, असं असेल तर मी माझ्याच जन्माच्या मागणीविरुद्ध मत देईन. सरकार नमलं. दुसऱ्या मुलापासून पुढे प्रत्येकी आठवड्याला 5 शिलिंग, आईला. पहिले पैसे पोस्टातून मिळाले 6 ऑगस्ट 1946 ला. त्याच उन्हाळ्यात, युद्धात कधी नव्हतं ते पावावर रेशनिंग आलं होतं, म्हणजे त्या 5 शिलिंगांची किंमत तूच कर. रॅथबोन त्याच वर्षी जानेवारीत वारली. तिला एकही हप्ता बघायला मिळाला नाही.

तुमचा चाइल्ड बेनिफिट त्याच झाडाचा. तुमचं आयएलआर, म्हणजे कायम राहण्याची परवानगी, झालंय, म्हणजे अर्ज करता येईल. एक काम कर: अर्ज तुझ्या नावाने भर, निनादच्या नको. मूल बारा वर्षांचं होईपर्यंत अर्जदाराला नॅशनल इन्शुरन्सचं, म्हणजे तिथल्या सरकारी विम्याचं, क्रेडिट मिळतं आणि ते सरकारी पेन्शनला धरतात. तुझी नोकरी नसेल त्या वर्षांचा खड्डा त्याने भरतो. निनादचा भरणा पगारातून होतोच आहे, त्याच्या नावावर ते क्रेडिट फुकट जाईल. त्याला वाईट वाटणार नाही, पोरगा समंजस आहे. हे पान त्यालाही वाचू दे.

आणि तू म्हणालीस ना, कधीच संपलेत? इंग्लंडात लग्न झालेल्या बाईची कमाई प्राप्तिकरासाठी नवऱ्याच्या उत्पन्नातच धरायचे. ते थांबलं 6 एप्रिल 1990 पासून. तू जन्मलीस त्याच वर्षीच्या दिवाळीत.

आईने मेतकूट आणि भाजणी जोशांच्या प्रणवबरोबर पाठवली आहे, तो शनिवारी मँचेस्टरला उतरतोय. त्याला फोन कर, नाहीतर तो स्वतःच खाऊन टाकेल. छोटीला पापा.

तुझा,
बाबा