सेकंडहँड इकोस्पोर्ट घेण्याआधी : अविनाशला पत्र

प्रिय अविनाश,

तू पाठवलेले तिन्ही जुन्या फोर्ड इकोस्पोर्टचे तपशील सावकाश वाचले, फोटोही मोठे करून पाहिले. तुझा जीव २०१४ च्या लाल ऑटोमॅटिकवर जडलाय, हे तुझ्या लिहिण्यावरून कळतंच. रनिंग फक्त ४१ हजार, रंग चकचकीत, आणि गिअर बदलायची कटकट नाही. तरीही मला वाटतं ते आधीच सांगून टाकतो : ती घेऊ नकोस. ९८ हजार किलोमीटर फिरलेली पांढरी डिझेल आधी बघ. का, ते सांगायला पत्र लांबणार आहे. पण या गाडीत तुझे आई-बाबा बसणार आहेत, तेव्हा लांबू दे.

मुळात गाडी निवडलीस ती चांगली. इकोस्पोर्टची जडणघडण ब्राझीलमधली, तळ फोर्ड फिएस्टाचा, आणि आपल्याकडे ती २०१३ पासून चेन्नईच्या कारखान्यात बनली. लांबी ४ मीटरच्या आत, नेमकी ३,९९९ मिलिमीटर, पण ग्राउंड क्लिअरन्स तब्बल २०० मिलिमीटर. साडेपाचशे मिलिमीटर पाण्यातून जाऊ शकते, असा कंपनीचा दावा होता. स्टिअरिंग आणि सस्पेन्शन इतकं नेमकं बसवलंय की हायवेवर वळणात गाडी हलकी वाटत नाही. आईंच्या गुडघ्यांसाठी सीटची उंची सोयीची आहे. वाकून खाली बसावं लागत नाही आणि उठताना रेटाही द्यावा लागत नाही. मागे मात्र तिघं मोठी माणसं आरामात बसतील ही आशा सोड. मागच्या सीटसाठी एसीचे व्हेंटही नाहीत. उन्हाळ्यात बाबांना पुढेच बसव.

आता ऑटोमॅटिकचं. २०१३ ते २०१७ मधल्या इकोस्पोर्टमध्ये जो ऑटोमॅटिक गिअरबॉक्स होता, तो पॉवरशिफ्ट. सहा गिअर, दोन क्लच, आणि दोन्ही क्लच कोरडे, म्हणजे तेलात न बुडालेले. सरळ रस्त्यावर तो फार सुंदर चालतो, म्हणूनच फसायला होतं. कोरड्या क्लचला खरा त्रास रांगत्या ट्रॅफिकमध्ये होतो. गाडी ताशी ५-१० किलोमीटरने पुढे सरकत असते तेव्हा क्लच धड लागलेलाही नसतो आणि धड सुटलेलाही नसतो. तो घासत राहतो, तापतो. गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टच्या सीलमधून तेल झिरपलं तर ते क्लचवर येतं, आणि मग पहिल्या-दुसऱ्या गिअरला गाडी थरथरते. त्याशिवाय गिअरबॉक्स चालवणारं इलेक्ट्रॉनिक मॉड्यूल बिघडलं की गाडी चालता चालता गिअर सोडून देते, किंवा सुरूच होत नाही. या तक्रारी जगभर झाल्या. ऑस्ट्रेलियात फोकस, फिएस्टा आणि इकोस्पोर्ट या तीन गाड्यांच्या पॉवरशिफ्टबद्दल ग्राहकांच्या तक्रारी कंपनीने ज्या पद्धतीने हाताळल्या, त्यावरून २०१८ मध्ये तिथल्या फेडरल कोर्टाने फोर्डला १ कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला. २०१७ च्या शेवटी नवं रूप आलं तेव्हा पॉवरशिफ्ट जाऊन टॉर्क कन्व्हर्टरचा, म्हणजे क्लचऐवजी तेलातून ताकद पोचवणारा, साधा, टिकाऊ ऑटोमॅटिक आला. त्यातच सगळं आलं.

आणि ४१ हजार किलोमीटरने हुरळून जाऊ नकोस. २०१४ च्या गाडीचं रनिंग एवढं कमी असेल, तर बहुधा ती शहरातच, छोट्या फेऱ्यांत वापरली गेली आहे. या गिअरबॉक्सला नेमकं तेच सोसत नाही. तरीही तुला ती बघायचीच असेल तर गाडी पूर्ण तापल्यावर, निदान अर्धा तास चालवून झाल्यावर, गर्दीच्या रस्त्यावर ने. चढावर थांबव आणि ब्रेक सोडून नुसती रांगू दे. रिव्हर्समध्येही तसंच कर. बारीकशी थरथर जाणवली, तरी तिथूनच परत फीर.

तिसरी गाडी, २०१८ ची इकोस्पोर्ट एस, हिच्याबद्दल मन खूप दोलायमान झालं. एक लिटरचं, तीन सिलिंडरचं इकोबूस्ट इंजिन, १२५ पीएस, जोडीला सहा गिअरचा मॅन्युअल. चालवायला तिघींत हीच सगळ्यात मजेदार असणार, यात शंका नाही. या इंजिनाने २०१२, २०१३ आणि २०१४ अशी सलग तीन वर्षं ‘इंटरनॅशनल इंजिन ऑफ द इयर’ हा मान मिळवला. पण तो मान नव्या इंजिनाला मिळालेला असतो. तुझ्या हातात ते काही वर्षं वापरून झालेलं येणार.

त्याच्या दोन दुखऱ्या जागा लक्षात ठेव. पहिली, कूलंट, म्हणजे इंजिन थंड ठेवणारं पाणी. इंजिन छोटं, त्यावर टर्बो, त्यामुळे उष्णता भरपूर. कूलंटच्या प्लॅस्टिकच्या नळ्या वयाने कडक होऊन तडकतात, पाणी हळूहळू कमी होतं, आणि चालवणाऱ्याला कळेपर्यंत इंजिन तापून हेड गॅस्केट किंवा हेडच जातं. म्हणून इंजिन थंड असताना कूलंटच्या टाकीची पातळी बघ. टाकीच्या कडेला, नळ्यांच्या जोडांवर वाळलेल्या कूलंटचे पांढरट किंवा रंगीत डाग आहेत का बघ. आजूबाजूचं सगळं धुळीने भरलेलं आणि एक नळी तेवढी कोरी करकरीत दिसली, तर ती का बदलली हे विचार, आणि उत्तर कागदावर मागून घे.

दुसरी जागा म्हणजे टाइमिंग बेल्ट, इंजिनाचे व्हॉल्व्ह वेळच्या वेळी उघडबंद करणारा पट्टा. हा बेल्ट इंजिन ऑइलमध्येच भिजत फिरतो. कल्पना हुशारीची, घर्षण कमी होतं. पण त्याची तब्येत सर्वस्वी ऑइलवर अवलंबून. चुकीच्या प्रतीचं ऑइल घातलं किंवा ऑइल बदलायला उशीर केला, तर बेल्टचं रबर भुसभुशीत होऊन त्याचे कण ऑइल पंपाच्या जाळीत अडकतात. ऑइलचा दाब गेला की इंजिनाचा निकाल लागायला वेळ लागत नाही. या इंजिनात ऑइल पंपालाही स्वतंत्र बेल्ट आहे. अमेरिकेत विकल्या गेलेल्या २०१८ ते २०२२ च्या एक लिटर इकोस्पोर्ट आणि काही फोकस गाड्यांना त्या बेल्टच्या टेन्शनरसाठी (बेल्ट ताणून धरणारा भाग) फोर्डने २०२३ च्या अखेरीस परत बोलावलं होतं. युरोपात टाइमिंग बेल्टची मुदत १० वर्षं किंवा २ लाख ४० हजार किलोमीटर अशी दिलेली. जो मालक प्रत्येक ऑइल बदलाचं बिल दाखवतो, त्यावर ऑइलची प्रत लिहिलेली असते आणि दोन बिलांमध्ये वर्षापेक्षा जास्त अंतर नसतं, त्याच्याकडूनच ही गाडी घ्यावी. तू पाठवलेल्या जाहिरातीत ‘सर्व्हिस वेळच्या वेळी’ एवढंच लिहिलंय. तेवढ्यावर भरवसा टाकायला माझं मन तयार नाही.

हेच नंतरच्या दीड लिटर ‘ड्रॅगन’ पेट्रोललाही लागू आहे, कारण त्याही तीन सिलिंडरच्या इंजिनात बेल्ट ऑइलमध्ये चालतो. २०१७ पूर्वीच्या चार सिलिंडरच्या पेट्रोलमध्ये आणि डिझेलमध्ये बेल्ट आहे, पण कोरडा. म्हणजे यातली कुठलीही गाडी घे, ‘बेल्ट नाही, चेन आहे, काही बघायला नको’ असं कुणी म्हणालं तर ऐकू नकोस.

आता पांढरी डिझेल. दीड लिटर टीडीसीआय, म्हणजे फोर्डचं टर्बो डिझेल इंजिन. २०१५ च्या शेवटी तिची ताकद ९० वरून १०० पीएस झाली, त्यामुळे २०१६ ची ही गाडी सुधारलेल्या इंजिनाची असणार. टॉर्क, म्हणजे ओढण्याचा जोर, २०५ एनएम, तोही इंजिन कमी वेगाने फिरत असतानाच, म्हणून भरलेली गाडी घाट सहज चढते. पाच गिअरचा साधा मॅन्युअल. डिझेलला ९८ हजार किलोमीटर म्हणजे म्हातारपण नव्हे, आणि विक्रेत्याने सगळ्या सर्व्हिसची बिलं तुला न मागता पाठवली, हे मला फार आवडलं. त्या बिलांमध्ये टाइमिंग बेल्टचा उल्लेख मात्र सापडला नाही. तेव्हा किलोमीटर काहीही असो, वयाकडे बघून बेल्ट, टेन्शनर आणि सोबत वॉटर पंप गाडी घेतल्या घेतल्या बदलायचा, असं आत्ताच धरून चल आणि ते विक्रेत्याला सांगूनच बोलणी कर. बेल्ट तुटला तर पिस्टन आणि व्हॉल्व्ह एकमेकांवर आदळतात. ही जोखीम एक महिनाही घेऊ नये.

क्लचही तपास. हँडब्रेक ओढून तिसऱ्या गिअरमध्ये क्लच हळूच सोड. इंजिन लगेच बंद पडलं तर ठीक, गुरगुरत चालूच राहिलं तर क्लच प्लेट संपत आलीय. इंजिन चालू असताना ऑइल भरायचं झाकण सैल कर. बारीक वाफ येणारच, पण भपकारे येऊन झाकण उडायला लागलं तर पिस्टन रिंग झिजल्या आहेत. टर्बोच्या नळ्यांना आतून ऑइलचा पातळ थर असतो. बाहेरून ओघळ दिसला तर मेकॅनिकला दाखव. (एप्रिल २०२० नंतरच्या बीएस-६ डिझेलमध्ये धुराची काजळी अडवणारा डीपीएफ असतो. कुणी तशी गाडी दाखवली आणि तुझ्या फेऱ्या छोट्याच असतील, तर तिच्या वाटेला जाऊ नकोस.)

इकोस्पोर्टचा सगळ्यांत ओळखीचा भाग म्हणजे मागच्या दारावरची स्टेपनी. दिसते छान, पण ते सगळं वजन बाजूला उघडणाऱ्या दाराच्या बिजागऱ्यांवर येतं. दार उघडून मोकळ्या हाताने थोडं वर उचल. बिजागरीत खेळ जाणवला, बंद करताना दार कुलपाशी नीट जुळत नसलं, किंवा खडबडीत रस्त्यावर मागून खडखड आली, तर बिजागऱ्या आणि रबर पाहायला सांग. दाराच्या रबरातून पाणी आत आलेलं असेल तर डिकीतला गालिचा उचलल्यावर ओल किंवा गंज दिसेल. दार उघडायचा खटका उजव्या टेललाइटमध्ये लपवलेला आहे, तो दोन-चारदा दाबून बघ. मागे भिंत किंवा दुसरी गाडी जवळ असली की हे दार पुरतं उघडत नाही. घरी पार्किंगची जागा मोजून घे.

सस्पेन्शनमध्ये लिंक रॉड आणि लोअर आर्मचे बुश आधी जातात. ते महागडे नसतात. पण आवाज नेमका कुठून येतो हे मेकॅनिकने गाडी वर उचलूनच ठरवावं. त्याच वेळी मागच्या दोन चाकांना जोडणारा ट्विस्ट बीम आणि डिझेलच्या नळ्याही दिसतील. २०१६ मध्ये फोर्डने आधी बनलेल्या डिझेल इकोस्पोर्टच्या इंधनाच्या आणि ब्रेकच्या नळ्यांसाठी गाड्या परत बोलावल्या होत्या. असं कुठलं काम या गाडीला लागू आहे का आणि ते झालंय का, हे चासी नंबरवरून सर्व्हिस सेंटरमध्ये विचारता येतं. तिथेच मागच्या सर्व्हिसचे किलोमीटरही कळतील, म्हणजे मीटर मागे फिरवलाय का तेही उघड होईल.

सुरक्षेचं एक. २०१३ मध्ये युरो एनकॅपने, म्हणजे गाड्यांच्या टक्कर-चाचण्या घेणाऱ्या युरोपातल्या संस्थेने, इकोस्पोर्टला ४ तारे दिले, पण ते युरोपात विकल्या जाणाऱ्या गाडीला. आपल्याकडे सहा एअरबॅग फक्त वरच्या व्हेरियंटमध्ये होत्या. तुझी पांढरी नक्की कोणत्या व्हेरियंटची आहे ते आरसीवर बघ, बिल्ल्यावर जाऊ नकोस. बिल्ले बदलता येतात.

फोर्डने सप्टेंबर २०२१ मध्ये भारतातलं गाड्यांचं उत्पादन थांबवत असल्याचं जाहीर केलं, आणि म्हणूनच तू मनातून कचरतोयस, हे मला माहीत आहे. सेवा आणि सुटे भाग चालू राहतील असं कंपनीने तेव्हाच सांगितलं. फिल्टर, ब्रेक पॅड, बेल्ट अशा रोजच्या गोष्टींची मला चिंता नाही. चिंता आहे ती टेललाइट, मागची काच, बंपर, इलेक्ट्रॉनिक मॉड्यूल अशा भागांची. त्यासाठी वाट पाहावी लागू शकते. तुझ्या जवळच्या सर्व्हिस सेंटरला फोन करून या भागांची नावं घेऊन विचार की आज मागवलं तर किती दिवसांत मिळेल. उत्तर मोघम आलं तर तेही उत्तरच समज.

जाशील तेव्हा सकाळी जा, आणि मालकाला आधीच सांग की गाडी सुरू करून ठेवू नका. थंड इंजिनच खरं बोलतं. बॉनेटला हात लावून बघ. गरम असेल तर कारण विचार. टायरच्या कडेवरच्या कोडचे शेवटचे चार आकडे तो कधी बनला ते सांगतात, पहिले दोन आठवड्याचे, पुढचे दोन वर्षाचे. पाचही टायर बघ, स्टेपनी धरून. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढ. टोकाला चिखलाची रेघ असेल तर गाडी पुरात होती. कागदांमध्ये आरसीवर कर्जाची नोंद असेल तर बँकेचं ना-हरकत पत्र आणि ती नोंद काढायचा फॉर्म ३५ हातात आल्याशिवाय पैसे देऊ नकोस. गाडी नावावर करायला फॉर्म २९ आणि ३० तर लागतीलच.

पांढरीचा चासी नंबर मला आजच पाठव. सर्व्हिसच्या नोंदी आणि रिकॉल मी इकडून विचारून ठेवतो, म्हणजे शनिवारी तू तिकडे पोचशील तेव्हा काय विचारायचं ते तुझ्या हातात लिहिलेलं असेल. आईंना आणि बाबांना माझा नमस्कार सांग.

तुझा,
श्रीरंग